तोंड नसलेली आत्या

९ जानेवारी

भिंगरी,

हे पत्र उघडताना तुझ्या कपाळाला आठ्या पडतील, त्या आधी काढून ठेव. मी रागावून लिहीत नाहीये, रडून लिहीत नाहीये, आणि 'घरी ये' म्हणायलाही लिहीत नाहीये. मला काही विचारायचंय. पोत्यांवरची आणि डब्यांवरची अक्षरं जुळवत वाचायला शिकलेली बाई मी, शुद्धलेखनाचं तू सांभाळून घे.

तुझं पुस्तक माझ्या हाती लागलं. आपल्या खानावळीत दुपारी जेवायला ग्रंथपाल बाई येतात ना, कोपऱ्यातल्या टेबलावरच्या? जेवताना पण वाचतात आणि पानावर रस्सा सांडला की पुस्तकाची माफी मागतात, त्याच. त्या म्हणाल्या, "आत्या, हे बघा, ह्याला मांगा म्हणतात. चित्रांची गोष्ट. ह्यातलं स्वयंपाकघर मला फार ओळखीचं वाटतंय." वर नाव होतं 'गप्प स्वयंपाकघर'. खाली तुझं नाव नव्हतं, भलतंच काहीतरी घेतलंयस. पण पहिल्याच चित्रात चुलीवर मोठं पातेलं आणि त्याचा एक कान दुमडलेला. तो कान तू लहानपणी पातेलं अंगणात लोळवून मोडलास. असं कान पाडून उभं राहणारं पातेलं जगात दुसरं नसेल. पत्तासुद्धा बाईंनीच प्रकाशकाकडून काढला.

दादाला दाखवलं नाही. तू गेल्यापासून तुझा विषय निघाला की तुझा बाप सुऱ्यांना धार लावायला बसतो. आपल्या सुऱ्या इतक्या धारदार कधीच नव्हत्या.

मी कोठीत कांद्याच्या पोत्यावर बसून वाचलं. हसू नकोस, पण मी पुस्तक आपल्या नेहमीच्या बाजूने उघडलं. त्यामुळे मुलगी आधी बॅग घेऊन फाटकाबाहेर, मग भांडते, मग हसत जेवते, आणि लहान होत होत पाळण्यात जाऊन निजते. मला वाटलं, वा, काय धाडसाचं लिहिते आमची पोर! बाईंनी सांगितलं, हे उजवीकडून वाचायचं असतं. खरं सांगू? माझ्या बाजूने शेवट जास्त गोड होता.

तर आता प्रश्न. पहिला अगदी साधा. कढईशेजारी तू 'चर्रर्र' लिहितेस. आपली कढई कुठे तसं बोलते? ती 'सुंईं' करते आणि कांदा लाल झाला की गप्प बसते. मग हे 'चर्रर्र' तू आता राहतेस त्या परक्या मुलखातल्या कढईचं का?

दुसरं, माणूस घाबरला की त्याच्या कानशिलावर लिंबाएवढा घामाचा थेंब. एवढा मोठा का? आणि तो खाली पडत का नाही?

नियम मात्र तू एकही चुकवला नाहीस. तुझ्या गोष्टीतला पणजोबा सांगतो तेव्हा मला आपले आजोबाच दिसले. रांधणाऱ्याने चाखायचं नाही, चाखणाऱ्याने रांधायचं नाही. चाखणाऱ्याला शब्द तीनच. 'अजून' म्हणजे मीठ वाढव, 'पुरे' म्हणजे वाढायला घे, 'परत' म्हणजे सगळं ओतून दे आणि पहिल्यापासून लाग. कारण सांगायचं नाही. आणि रांधणाऱ्याने जेवायचं ते सकाळीच, चूल पेटायच्या आधी, कोरडा भात आणि उकडलेली भाजी. जिभेला लालूच लागली की हात वाकडा पडतो म्हणून. परक्या मुलखातले लोक हे वाचून काय म्हणतात गं? त्यांना हे वेडेपणाचं वाटतं की शिस्तीचं? आम्हाला कधी कुणी विचारलंच नाही, त्यामुळे आम्हीही कधी ठरवलं नाही.

आता खरा प्रश्न. तुझ्या गोष्टीतली मुलगी चाखणारी असते, तुझ्यासारखीच. एक दिवस तिची जीभ मरते. ती आरशासमोर जीभ बाहेर काढून उभी राहते आणि जिभेच्या जागी तू एक वाळकं पान काढलंयस. ते पान बघून मला दिवसभर काही सुचलं नाही.

ते गोष्टीपुरतं आहे की खरंच तुला तसं वाटतं?

तुझी,
आत्या

२ फेब्रुवारी

भिंगरी,

तुझं उत्तर नाही. पोस्टमनला दोनदा विचारलं, तिसऱ्यांदा तो मला बघून रस्ता ओलांडून पलीकडे गेला. असू दे. मी आपली लिहीत राहते, माझे प्रश्न काही संपायला तयार नाहीत.

बाईंनी पुढचे भाग आणून दिले. आता मी उजवीकडून वाचते, नीट सरावले आहे. इतकी सरावले की परवा लाइटचं बिल पण उजवीकडून वाचायला गेले. वहिनी गल्ल्यावरून म्हणाली, "वन्सं, तुम्हाला चष्मा लागलाय का?" तुझ्या आईला अजून काही सांगितलेलं नाही, पण तिच्या नजरेतून काही सुटत नाही, तुला माहीत आहे.

पुस्तकात मी आहे. झारा धरायची पद्धत माझी आहे, डावा खांदा जरा वर. भाजीवाल्याशी भांडतानाचं कंबरेवरचं मनगट माझंच आहे. सगळं इतकं हुबेहूब की मला आधी लाज वाटली आणि मग मजा. पण मग लक्षात आलं की मला तोंड नाही. एका चित्रात तोंडापुढे झारा येतो, दुसऱ्यात वाफ, तिसऱ्यात झाकण, कुठे कोबीचा गड्डा. मी मागे जाऊन सगळे भाग पुन्हा चाळले. डोळे आहेत, कपाळ आहे, हनुवटी पण आहे, तोंड कुठेच नाही. दादाला तोंड आहे, वहिनीला तर भरपूर आहे, मांजराला सुद्धा मिशांसकट दिलंयस.

आधी मी चिडले. म्हटलं, आयुष्यभर बडबड ऐकवली कार्टीला, आणि तिने आत्याचं तोंडच गाळलं! मग कांदा चिरता चिरता हळूहळू उमगलं. तू मला कधी खाताना पाहिलंच नाहीस. तू उठायच्या आधी माझा भात खाऊन व्हायचा. तुझ्यासमोर मी घास घेतला, असं एकदाही झालं नाही. जे पाहिलं नाही ते तू काढणार कशी?

आणि मग माझ्या डोक्यात एक किडा शिरला. हातात झारा आला तेव्हा मी तुझ्यापेक्षा लहान होते. त्याआधी आईच्या हातचा रस्सा खायचे, तो अजून आठवतो. पण माझ्या हातचा रस्सा कसा लागतो? भिंगरे, मला माहीत नाही. अख्खं गाव जेवून गेलं, मला माहीत नाही. एवढी मोठी गोष्ट मला इतकी वर्षं विचारावीशी वाटली नाही, आणि ती वाटायला तुझा कोबीचा गड्डा लागला.

परवा दादा माल बघायला बाजारात गेला होता. हाडांचा रस्सा उकळून उतरवला होता, दादाने सकाळीच त्याला 'पुरे' म्हटलं होतं. मी दार लावलं. चोरासारखी. चमचा घेतला. ह्या वयात सासुरवाशिणीसारखं लपून खायचं म्हणजे!

खारट होता. थोडासा नव्हे. जिभेच्या कडांना कुणी चिमटे काढावेत तसा, आणि मग घशामागे कुणी धाडकन दार लावून घ्यावं तसा. मला वाटलं माझीच जीभ नवखी आहे, तिला सवय नाही. पाणी प्यायले, पुन्हा घेतला. तसाच.

आता मी कोणाला विचारू? तू गेल्यापासून घरात चाखणारा एकच, दादा, आणि त्याला कारण विचारायचं नसतं.

आत्या

२१ फेब्रुवारी

लाडके,

तुझं पत्र आलं! पाकीट इतकं जाड की मला वाटलं पोरीने घरपट्टी पाठवली. वर 'आत्या' असं लिहिलेलं आणि आत नुसते प्रश्न. अगदी माझीच भाची.

म्हणजे कढई 'सुंईं'च करते, पण ते अक्षरांत कसं बसवायचं ते तुला सापडलं नाही. बरं. घामाचा थेंब खाली पडत नाही कारण माणसाची भीती अजून संपलेली नसते. हे मला फार आवडलं. दादाला तसा एक थेंब काढायला हवा.

तू विचारतेस, मीठ कुठे लागलं, टोकाला की कडेला, आधी की नंतर, गरम असताना की जरा निवल्यावर. अगं, माझी जीभ तुझ्यासारखी शिकलेली नाही. पण तू विचारलंस म्हणून मी पुन्हा चाखलं. हो, पुन्हा. आता मला चटकच लागलीय. दादा बाजारात गेला की मी दार लावते. कडेला लागतं, निवल्यावर जास्त. आणि तळाशी आणखी एक काहीतरी आहे, जळक्या दोरीसारखं. हाडं भाजताना मी जरा पुढे नेते वाटतं. कुणी सांगितलंच नाही. सांगायचं नसतं ना.

मग मी हॉलकडे बघायला लागले. स्वयंपाकघरातून दाराच्या फटीतून दिसतं तेवढं. टेबलावरचे पाण्याचे जग बघ म्हणून तू लिहिलंस, तुला हे कसं सुचलं? आपल्याकडे पूर्वी जेवण संपलं तरी जग अर्धे राहायचे. आता माणसं बसली की जग रिकामे. ग्रंथपाल बाई घासागणिक पाणी पितात आणि पुस्तकात तोंड लपवतात. मी मुद्दाम गेले, विचारलं, "बाई, तिखट झालंय का?" तर म्हणतात, "नाही नाही, आत्या, मला आपली तहानच फार." भल्या आहेत बिचाऱ्या. बाकीचे भले लोक यायचेच बंद झालेत. वहिनी गल्ल्यावर बसून दुपारी पेंगते, पूर्वी तिला मान वर करायला फुरसत नसायची.

आता तुझ्या पत्रातली ती ओळ. माझ्या प्रश्नाचं उत्तर तू अगदी शेवटी, कोपऱ्यात बारीक अक्षरांत दिलंस, जसं लहानपणी मार्क कमी पडले की सांगायचीस. तू लिहितेस, 'ते पान खरं आहे. त्या दिवशी मी "परत" म्हटलं आणि बाबांनी "पुरे" म्हटलं. बाबा चुकत नाहीत. म्हणजे माझी गेली. तेव्हापासून मी कशावरच विश्वास ठेवून चाखलेलं नाही.'

तो दिवस मला लख्ख आठवतो. हॉल भरलेला होता, बाहेर लोक उभे होते. तू चमचा तोंडात घातलास आणि 'परत' म्हणालीस. एवढं मोठं पातेलं ओतायचं! दादाने तुझ्या हातून चमचा घेतला. घरच्या कर्त्याला तो हक्क आहेच. चाखलं आणि म्हणाला, "पुरे." तू म्हणालीस, "बाबा, खारट आहे, खाली लागलंय." कारण सांगितलंस, नियम मोडलास. तो म्हणाला, "बाहेरचं अरबट-चरबट खाऊन जीभ गेलीय तुझी." सगळ्यांसमोर. तुझा चेहरा मी बघितला होता. मी वाढायला घेतलं, कारण 'पुरे' म्हटलं होतं, आणि मी चाखलेलं नव्हतं.

मी आत्ता एवढंच म्हणते की थांब जरा. ते पान इतक्यात पक्कं धरू नकोस. मला अजून थोडं बघू दे.

आत्या

११ मार्च

भिंगरी,

बसून वाच. उभी असशील तर बस.

तुझ्या आईला सगळं सांगितलं. सांगावं लागलं, तिने मला कोठीत मांगा वाचताना रंगेहाथ पकडलं. मला वाटलं ओरडेल. तिने पुस्तक हातातून घेतलं, उघडलं, स्वतःचं चित्र बघितलं आणि म्हणाली, "एवढी जाडी आहे का मी?" मग खाली बसली आणि वाचत राहिली. आमचा भात करपला त्या दिवशी. ती वाचताना तोंडाने 'चर्रर्र' म्हणत होती.

मग मी मिठाचं सांगितलं. जग दाखवले. तिने एक रिकामा जग उलटा करून बघितला. मग म्हणाली, "वन्सं, एक सांगू? तो मोठा ताप आला होता ना ह्यांना, दिवसचे दिवस अंथरुणात होते? त्यानंतर ह्यांनी माझ्या चहाला नावं ठेवणं बंद केलं. लग्न झाल्यापासून रोज ठेवायचे. पाणचट आहे, कडू आहे, दूध नासलंय. तापातून उठले आणि एक अक्षर नाही. मला वाटलं, आजारपणाने माणूस सुधारला."

मी विचारलं, "तो ताप कधीचा गं?"

ती म्हणाली, "पोरगी जायच्या आधीचा हिवाळा."



खात्री करायची कशी? मी म्हटलं, सरळ विचारू. ती म्हणाली, "तुम्ही विचारा, मी माहेरी जाते." शेवटी तिनेच डोकं लढवलं. संध्याकाळचा चहा केला आणि साखरेऐवजी मीठ घातलं. चांगलं चमचाभर. पाप वाटत होतं आणि उत्सुकता पण सुटत नव्हती, दोन्ही. दादा आला, बसला, कपातला चहा बशीत ओतला, फुंकर मारली आणि सगळा प्यायला. मग मिशी पुसली आणि म्हणाला, "आज लवकर दिलास."

वहिनी उठून आत गेली. ती हसत होती की रडत होती ते मला कळलं नाही, तिलाही कळलं नसेल. मी कप उचलला, तळाशी उरलेला घोट चाखला. असला घाणेरडा चहा मी उभ्या जन्मात प्यायले नाही.

तर भिंगरे, आता नीट ऐक. जीभ त्याची गेली होती. तुझी नव्हती गेली. त्या दिवशी रस्सा खारट होता, खाली लागला होता, आणि भरल्या घरात ते एकट्या तुला कळलं होतं. तू बरोबर होतीस. इतकी वर्षं तू जे वाळकं पान तोंडात घेऊन फिरतेयस ते तुझं नाहीच.

मला हे मोठ्याने ओरडून सांगायचं होतं. पण फोन तू उचलणार नाहीस, आणि कागदावर ओरडायचं कसं ते तुलाच येतं, जाड जाड अक्षरांत. तेव्हा तू हे जाड अक्षरांत वाच.

आता उरला दादा. हे सांगायचं कोणी? चमचा काढून घेतला तर त्याच्याकडे राहतं काय? तो रांधत नाही, हिशेब वहिनी बघते, बाजारात तर दुकानदार आता त्याला हसून फसवतात. घरातली त्याची जागा म्हणजे तो चमचा. आणि नाही सांगितलं तर हॉल रिकामा व्हायला फार वेळ लागणार नाही. वहिनीची युक्ती अशी, की दादा 'अजून' म्हणाला की मी मूठ मिटून पातेल्यावर नुसती हलवायची, आत मीठ नाहीच. केलं तसं. दोन दिवस केलं. जग अर्धे राहिले, बाईंनी भात पुन्हा मागून घेतला. पण रिकामी मूठ हलवताना दादा समोर उभा असतो गं, इतक्या विश्वासाने, हात मागे बांधून. मला ते जमेना.

तू असतीस तर काय केलं असतंस?

आत्या

१९ मार्च

भिंगरी,

तुझं उत्तर यायच्या आधीच झालं. मी काही ठरवलं नव्हतं.

सकाळी रस्सा केला. हाडं कमी भाजली, मीठ माझ्या जिभेने घातलं, आईचा रस्सा आठवत आठवत. दादा आला. चमचा घेतला, चाखलं. "अजून."

मी मूठ हलवली नाही. नुसती उभी.

"अजून म्हटलं ना?"

"दादा, अजून काय?"

तो माझ्याकडे असा बघायला लागला, जणू पातेल्यानेच त्याला प्रश्न विचारला. "काय म्हणजे? कारण सांगायचं नसतं."

"नको सांगूस. मी सांगते. मीठ बरोबर आहे."

"तुला कसं माहीत?"

"मी चाखलंय."

चमचा हवेतच राहिला. मला वाटलं आता हा तोच माझ्या डोक्यात घालणार. म्हणाला, "कधीपासून?"

"थंडीपासून. रोज. दार लावून."

"आजोबा असते तर तुला हाकलून दिलं असतं."

"आजोबा असते तर त्यांना तुझा मिठाचा चहा पाजला असता."

बोलून गेले. झालं. त्याला आधी कळलं नाही. मग कळलं. दाराशी वहिनी उभी होती, तिच्याकडे बघितलं, तिने मान खाली घातली. तुझी आई आणि मान खाली! त्याला तेवढ्यावरूनच सगळं उमगलं.

तो पिठाच्या पोत्यावर बसला. बराच वेळ चमचा पुसत होता, पुसलेलाच पुन्हा पुसत होता. मग म्हणाला, "त्या तापापासून काही लागत नाही. गरम की गार, एवढं कळतं. आंबट टाकलं की गाल जरा ओढला जातो. बाकी पाणी."

मी विचारलं, "मग 'अजून' का म्हणायचास रे? 'पुरे' म्हणायचं, सुटायचं."

तर म्हणाला, "वाटायचं, अजून थोडं घातलं तर लागेल."

भिंगरे, इतकी वर्षं माझा भाऊ रोज सकाळी पातेल्यापाशी उभा राहून चवीची वाट बघत होता, आणि मी मीठ घालत होते.

वहिनीला मात्र राहवेना. दारातूनच म्हणाली, "आणि पोरीने 'परत' म्हटलं तेव्हा?"

त्याचा सुरीला धार लावायला हात गेला, तो मागे घेतला. त्यानंतर तो जे बोलला ते मी लिहिणार नाही. मला शब्दन् शब्द पाठ आहे, पण ते माझं नाही. मी त्याला म्हटलं, "हे तू मला काय सांगतोस?" तो म्हणाला, "तू लिहितेस ना तिला? लिही." मी म्हटलं, "मुळीच नाही. माझी शाई संपलीय." खोटं बोलले. तुला दिसतेच आहे शाई.

मग तो उठला, पातेल्यापाशी आला, वाकून वाफ तोंडावर घेतली. आणि ह्या स्वयंपाकघरात जे कधी कुणी बोललं नाही ते बोलला. "कसं झालंय?"

आपल्याकडे तर तीन सोडून शब्दच नाहीत. मी म्हटलं, "आईच्यासारखं नाही. तिचं जास्त गोडसर होतं. हे जरा उघडं लागतं, जसं अंगण झाडून घेतल्यावर दिसतं. पण मीठ बरोबर आहे."

"उघडं?" तो म्हणाला. "म्हणजे पातळ?"

"नाही. पातळ नाही. जागा आहे त्यात."

"कुठे, जिभेवर?"

"नाही रे, नाकात जास्त."

असं किती वेळ चाललं होतं कोण जाणे. वहिनीने चाखलं, तिने तिसरंच काही सांगितलं, मग आम्ही दोघी भांडलो. बाहेर लोक येऊन बसले होते आणि आत आम्ही तिघं म्हातारे एका पातेल्याभोवती वाद घालत होतो.

तुझी,
आत्या

६ एप्रिल

भिंगरी,

हे पत्र दादाच्या आधी पोचावं म्हणून घाईने टाकते. त्याने सांगू नकोस म्हटलंय, म्हणून सांगते.

तो तुझ्याकडे यायला निघतोय. फोन नको म्हणाला, पत्र नको म्हणाला. "जे सगळ्यांसमोर बोललो ते कागदावर कसं मागे घेऊ?" असं म्हणाला. मी तुझी सगळी पत्रं त्याच्यापुढे ठेवली होती, त्याने एकच वाचलं, ते बारीक अक्षरांतलं. कोपऱ्याला भिंग लावून वाचत होता. त्यानंतर त्याने वहिनीला बॅग कुठे आहे ते विचारलं. आपल्याकडे बॅगच नाही, होती ती तू नेलीस, बाकी कोण कधी कुठे गेलंय! ग्रंथपाल बाईंनी त्यांची दिली. तुझ्या पुस्तकांचे सगळे भाग त्याने तिच्यात भरले आहेत. वाचलेत का, ते मला माहीत नाही. विचारलं तर म्हणाला, "प्रवासात वाचेन." कुठल्या बाजूने, ते मी मुद्दामच सांगितलं नाही.

दाराशी उभा राहिला की त्याला लगेच काही विचारू नकोस. बूट काढू दे. तो आधी तुझं स्वयंपाकघर बघेल, भांडी किती आहेत, सुरी कुठे ठेवतेस, आणि सुरीला नावं ठेवेल. ठेवू दे. मग त्याला जेवायला बसव. बोलायचं ते तो जेवून झाल्यावरच बोलेल. तू काय उत्तर द्यायचंस ते तू ठरव. राग असेल तर राग दे, त्याला तो झेपेल. मी कुणाची बाजू घेत नाही, आणि घेतलीच तर तुझी घेते.

पण एक गोष्ट तुला ठाऊक असावी. तो बदललाय, आणि ते मला फार नवलाचं वाटतंय. हल्ली दुपारी तो हॉलमध्ये जाऊन बसतो. जेवणाऱ्या माणसाशेजारी खुर्ची ओढतो आणि विचारतो, "कसं लागतंय? नीट सांगा." पहिल्या दिवशी एक बिचारा वाहनचालक इतका घाबरला की ताट सोडून उठायला निघाला. आता लोकांना सवय झालीय. कुणी म्हणतं, आजीच्या घरासारखं लागतं. कुणी म्हणतं, पावसात भिजून आल्यावर टॉवेल मिळावा तसं. परवा एक जण म्हणाला, "मालक, बटाटा अजून कच्चाय." तर हा खूश! धावत आत आला मला सांगायला, जसं काही बटाट्याचं लग्न ठरलं. मी म्हटलं, "दादा, ही तक्रार आहे." तो म्हणाला, "असू दे गं, कळलं तरी."

तेव्हा तिथे तू त्याच्यासमोर बसून जेव. साधंच काही कर, तुझ्या तिथलं, त्याला माहीत नसलेलं. तो खाईल, त्याला काही लागणार नाही, आणि मग तो तुझ्याकडे बघून विचारेल. तेव्हा घाई करू नकोस. आंबट कुठे लागलं, गोड कधी आलं, शेवटी काय राहिलं, सगळं सांग. तू सांगशील ते तो खरं मानेल.

तुझी,
आत्या